यूएईतले फिलिपिनो कामगार : कागद, पगार, खोली आणि खोका

खाडीपल्याड

आखातावरच्या आपल्या धाग्यांत बहुतेक वेळा आपलेच लोक असतात. पण दुबईतल्या करामा, सतवा, देरा या भागांत राहणाऱ्या मराठी माणसाला रोज कोण भेटतं? आधी मल्याळी, मग फिलिपिनो. दुकानाच्या गल्ल्यावर, दवाखान्यात, सलूनमध्ये, हॉटेलच्या काउंटरवर आणि कित्येक घरांत. यूएईत त्यांची संख्या सात लाखांच्या आसपास धरतात. फिलिपिन्समधून बाहेर जाणाऱ्या कामगारांत सौदी पहिल्या क्रमांकावर, यूएई दुसऱ्या.

त्यांच्याबद्दल आपल्यात दोन समजुती पक्क्या आहेत. एक, त्यांचं सरकार त्यांच्या पाठीशी असतं. दुसरी, त्यांना पगार जास्त मिळतो. दोन्ही अर्ध्याच खऱ्या आहेत. कशा ते लिहितो, जाणकारांनी भर घालावी. एक विनंती, 'माझ्या ऑफिसातली एक फिलिपिनो' छापाचे किस्से नकोत. माहिती असेल तर टाका.

१९७३ नंतर तेलाचे भाव चढले आणि आखातात माणसं हवीच होती. १९७४च्या कामगार संहितेने मार्कोस सरकारने परदेशी नोकरभरती सरकारी देखरेखीखाली घेतली. १९९५ साली सिंगापुरात एका फिलिपिनो घरकामगार बाईला फाशी झाली, मनिलात प्रचंड संताप उसळला आणि त्याच वर्षी स्थलांतरित कामगारांचा कायदा आला, आरए ८०४२ (आरए म्हणजे रिपब्लिक अ‍ॅक्ट). २०१०मध्ये आरए १००२२ने त्यात दुरुस्ती झाली. २०२१च्या डिसेंबरात कायदा होऊन या लोकांसाठी वेगळं खातंच निघालं, डीएमडब्ल्यू. त्याचं दुबईतलं कार्यालय (जुने लोक अजून 'पोलो'च म्हणतात, नवं नाव एमडब्ल्यूओ) अल कुसैसला त्यांच्या कॉन्सुलेटपाशीच आहे.

सरळ वाट अशी. मनिलातली परवानाधारक एजन्सी, तिच्याकडे त्या विशिष्ट मालकाची मंजूर मागणी म्हणजे 'जॉब ऑर्डर', मग मेडिकल, घरकाम असेल तर टेस्डा या सरकारी प्रशिक्षण संस्थेची एनसी-टू परीक्षा, निघण्यापूर्वीचं प्रशिक्षण, ओव्वा म्हणजे परदेशी कामगारांच्या सरकारी कल्याण संस्थेचं सभासदत्व (२५ डॉलर, एका करारापुरतं, जास्तीत जास्त दोन वर्षं) आणि शेवटी ओईसी. ओईसी म्हणजे परदेशी नोकरीचा दाखला. तो ६० दिवस चालतो. विमानतळावर तो दाखवला की १६२० पेसोंचा प्रवासकर आणि टर्मिनल फी माफ. नसला तर हातात यूएईचा खरा व्हिसा असूनही इमिग्रेशनवाला परत पाठवतो.

फसवणूक होते ती बहुधा दुसऱ्याच टप्प्यावर. एजन्सीचा परवाना खरा असतो, पण तुमच्या मालकाची जॉब ऑर्डर तिच्याकडे नसतेच. डीएमडब्ल्यूच्या संकेतस्थळावर दोन्ही वेगवेगळं तपासता येतं. लोक परवाना बघतात आणि तिथेच थांबतात.

आडवाट म्हणजे व्हिजिट व्हिसा. पर्यटक म्हणून यायचं, दोन महिन्यांत नोकरी शोधायची, इथेच स्टेटस बदलून घ्यायचं. दुकानं, हॉटेलं, सलून, ऑफिसातली किरकोळ कामं यांत या वाटेने आलेले पुष्कळ. यूएईच्या बाजूने नोकरीचा व्हिसा लागला की प्रश्न मिटतो. मनिलाच्या दृष्टीने मात्र हा माणूस नोंदीतच नसतो, आणि पुढची सगळी अडचण तिथून सुरू होते.

हिशेबनीस

उत्तम धागा. 'सरकार पाठीशी' यातला खरा अर्धा भाग काय, तो मांडतो, कारण आपल्याकडे तो फार थोड्यांना ठाऊक आहे.

आरए ८०४२च्या कलम १०नुसार परदेशी मालक आणि मनिलातली एजन्सी दोघे मिळून आणि वेगवेगळेही जबाबदार. म्हणजे दुबईतल्या मालकाने पगार बुडवला तर पूर्ण रक्कम मनिलातल्या एजन्सीकडून मागता येते. मालकाला शोधत बसावं लागत नाही, त्याला फिलिपिन्सच्या कोर्टात खेचावं लागत नाही. दावा एनएलआरसी म्हणजे तिथल्या कामगार आयोगाकडे, मुदत तीन वर्षं. एजन्सी कंपनी असेल तर तिचे संचालकही त्यात येतात.

करार मध्येच बेकायदा तोडला तर उरलेल्या सगळ्या मुदतीचा पगार मिळतो. आधी कायद्यात 'उरलेली मुदत किंवा वर्षामागे तीन महिने, यांतलं जे कमी ते' असं कलम होतं. तिथल्या सुप्रीम कोर्टाने ते २००९ साली घटनाबाह्य ठरवलं. संसदेने २०१०च्या दुरुस्तीत तेच कलम पुन्हा घातलं. कोर्टाने २०१४ला ते पुन्हा काढलं. एजन्सीवाल्यांचं वजन किती असेल याचा अंदाज यावरून घ्या.

शिवाय एजन्सीतर्फे गेलेल्या प्रत्येकाचा विमा एजन्सीनेच काढायचा, हप्ता कामगाराकडून घ्यायचा नाही. अपघाती मृत्यूला किमान १५ हजार डॉलर, नैसर्गिक मृत्यूला १० हजार, कायमच्या अपंगत्वाला साडेसात हजार. मालकाविरुद्ध खटला चालू असताना महिना १०० डॉलर, जास्तीत जास्त सहा महिने. परत आणण्याचा खर्चही त्यातच.

आता गोम. हे सगळं एजन्सीतर्फे आलेल्याला. व्हिजिटवर आलेल्याच्या मागे एजन्सीच नाही, तर मालकाबरोबरची जबाबदारी कोणावर टाकणार? त्याच्या वाट्याला ओव्वाचं सभासदत्व येतं (तेही भरलं असेल तर) आणि यूएईचा कामगार कायदा.

देरा_कट्टा

पगाराच्या समजुतीबद्दल. यूएईच्या कामगार कायद्यात परदेशी माणसासाठी किमान वेतनाचा आकडा नाही. फिलिपिन्सने २००६च्या अखेरीस आपल्या घरकामगारांसाठी महिना ४०० डॉलरची अट घातली. डॉलरला ३.६७२५ दिरहम धरले तर १४६९ होतात, व्यवहारात १५००. २०२५मध्ये मनिलाने हा आकडा ५०० डॉलर करायचं जाहीर केलं. ही अट घालतं मनिला. ती पाळली जाते की नाही हे बघायची जागा एकच, करार तपासणारं त्यांचं कार्यालय. त्या कार्यालयाला वळसा घातला की आकडाही गेला.

२०१४ साली हेच झालं. यूएईने घरकामगारांसाठी स्वतःचा प्रमाणित करार आणला आणि दूतावासांनी करार तपासायची गरज नाही असं ठरवलं. मनिलाने घरकामगार पाठवणंच थांबवलं. माणसं मात्र येत राहिली, व्हिजिटवर, आणि हजार-बाराशे दिरहमवर कामाला लागली. दोन्ही देशांचा नवा करार होऊन अधिकृत वाट पुन्हा उघडायला २०१९ उजाडलं. बंदीच्या वर्षांत आलेल्या बायकांना ना एजन्सी, ना तपासलेला करार.

आणखी एक परिणाम. ४०० डॉलर नको असलेली घरं दुसऱ्या देशांतल्या बायकांकडे वळली. इथिओपिया, युगांडा वगैरे. दुबईत एकाच कामाचे दर पासपोर्टवर ठरतात. हे उघड गुपित आहे आणि त्यात कुणाचा दूतावास काही करू शकलेला नाही.

दुकान-हॉटेलातल्या फिलिपिनोंना आपल्यापेक्षा जास्त मिळतं, असं सरसकट काही नाही. ग्राहकासमोरच्या कामाला त्यांना पसंती असते, इंग्रजी बरं असतं, म्हणून ते दिसतात जास्त.

प्रश्नकर्ती

माहितीबद्दल आभार. थोडा वेगळा प्रश्न. दुबईतल्या मराठी कुटुंबाला बाळासाठी फिलिपिनो आया ठेवायची असेल तर कायदेशीर रीत काय? ग्रुपवर 'पार्ट-टाइम, दुसऱ्यांच्या व्हिसावर आहे, चालेल का' अशा जाहिराती येतात.

देरा_कट्टा

ताई, दुसऱ्यांच्या व्हिसावरची बाई अजिबात ठेवू नका. घरकामगार कायदा (२०२२चा क्रमांक ९, डिसेंबर २०२२पासून लागू) यात दंड ५० हजार ते दोन लाख दिरहम, आणि तो तुम्हाला. बाईची हकालपट्टी होते ते वेगळंच. तासावर हवी असेल तर मोहरेचा (यूएईच्या कामगार मंत्रालयाचा) परवाना असलेल्या केंद्रातून घ्या. व्हिसा त्यांचा, जबाबदारी त्यांची.

पूर्णवेळ हवी असेल तर कुटुंबाचं उत्पन्न महिना २५ हजार दिरहम दाखवावं लागतं. परवानाधारक कार्यालयातूनच घ्यायची. त्या कार्यालयाचा मनिलातल्या एजन्सीशी करार असतो, आणि मगच फिलिपिन्सचे कागद होतात. पहिले सहा महिने परीक्षेचे. त्यात ती कामाला योग्य नाही असं निघालं किंवा ती सोडून गेली, तर कार्यालयाने पैसे परत करायचे किंवा दुसरी द्यायची. पावती आणि करार जपून ठेवा. तक्रारीला गेल्यावर बहुतेकांकडे नेमकी पावतीच नसते.

तुमच्या बाजूने पाळायचं ते असं : दिवसाला एकूण १२ तास विश्रांती, त्यातले सलग आठ. आठवड्याला एक सुट्टी. वर्षाला ३० दिवस पगारी रजा. आजारपणाची ३० दिवस रजा, पहिले १५ पूर्ण पगारी. पगार देय तारखेपासून दहा दिवसांत, पावतीसह किंवा बँकेतून. पासपोर्ट तिच्याकडे. 'हरवेल म्हणून आम्ही कपाटात ठेवतो' हे आपल्या घरांतही सर्रास चालतं, पण कायद्याने चालत नाही. भरतीचा खर्च तिच्या पगारातून कापायचा नाही.

'१२ तास विश्रांती' याचा अर्थ बरेच जण '१२ तास काम करून घ्यायला मोकळे' असा लावतात. रात्री बाळासाठी दोनदा उठवलंत तर सलग आठ तास कुठून आणणार? आया आणि घरकाम दोन्ही एकीवर टाकलं की हा हिशेब पहिल्याच आठवड्यात मोडतो.

खाडीपल्याड

वरच्यात भर. घरकामगाराकडून मनिलात भरती शुल्क घेता येत नाही, एक पेसोही नाही. इतर कामांना जास्तीत जास्त एका महिन्याचा पगार. म्हणून तिथे शुल्क दुसऱ्या नावाने घेतात. प्रशिक्षण केंद्राची फी, मेडिकल दुसऱ्यांदा, 'कर्ज' म्हणून सही केलेला कागद. बाई येते तेव्हाच डोक्यावर देणं असतं, आणि पहिले तीन-चार महिने पगार त्यात जातो. आयाने पहिल्याच महिन्यात उचल मागितली तर कारण बहुधा हेच.

करार बदलणं हा दुसरा धोका. मनिलात एका आकड्यावर सही, दुबईत उतरल्यावर दुसरा कागद पुढे. तपासून मंजूर झालेला करार कामगाराला तोटा होईल असा बदलणं हे आरए ८०४२प्रमाणे बेकायदा भरतीतच मोडतं. तीन किंवा जास्त लोकांना फसवलं की तो गुन्हा आर्थिक घातपाताच्या सदरात जातो आणि शिक्षा जन्मठेपेपर्यंत. पण सिद्ध करायला पहिला करार हातात हवा. निघण्यापूर्वी प्रत्येक पानाचा फोटो काढून घरच्यांना पाठवून ठेवणं एवढंच त्यासाठी पुरतं.

अलकुसैस_एक्स्प्रेस

व्हिजिटवरून नोकरीत गेलेल्यांची खरी अडचण पहिल्या सुट्टीला कळते, त्याबद्दल थोडं.

माणूस दोन वर्षांनी मनिलाला जातो. जाताना कोणी विचारत नाही. परत येताना विमानतळावर ओईसी मागतात आणि याच्या नावावर काहीच नोंद नसते. म्हणून सुट्टीला जाण्याआधीच अल कुसैसला जाऊन करार तपासून घ्यायचा. मोहरेच्या कराराची प्रत (अ‍ॅपवर निघते), पासपोर्ट, रहिवास म्हणजे रेसिडेन्स व्हिसा, मालकाचे कागद, ओव्वा. तपासणी झाली की ऑनलाइन नोंदणी, मग ओईसी. एकदा नोंद झाली आणि तोच मालक, तीच जागा असेल तर पुढच्या वेळी ऑनलाइनच सूट मिळते. मालक बदलला की पुन्हा पहिल्यापासून.

अडतं कुठे? एक, नाव. फिलिपिनो लोकांचं मधलं नाव म्हणजे आईचं माहेरचं आडनाव. यूएईच्या कागदांवर ते कधी गळतं, कधी आडनावाला जोडलं जातं. लग्नानंतर पासपोर्ट बदललेल्या बायकांचं तर विचारूच नका. दोन, हुद्दा. व्हिसावर 'सेल्स', प्रत्यक्षात वेट्रेस. तीन, मालक कागद देत नाही, कारण तपासणीत पगार आणि परतीच्या तिकिटाची अट लिहून द्यावी लागते. चार, वेळ. नोव्हेंबर-डिसेंबरात रांगा लांबतात. नाताळाला जायचं असेल तर सप्टेंबर-ऑक्टोबरात उरकावं. मात्र ओईसी स्वतः फार लवकर काढायचा नाही, साठाव्या दिवशी तो संपतो. तपासणी आधी, ओईसी नंतर.

हिशेबनीस

आणि इथेच माझा मूळ मुद्दा. हे कागद बनवले संरक्षणासाठी, पण इतके आणि इतक्या खिडक्यांवर की लहान मालक कंटाळतो. एजन्सीशिवाय थेट भरतीला तर मुळात बंदीच आहे, अपवाद मिळवावा लागतो. मग मालक म्हणतो, 'तू व्हिजिटवर ये, इथे बघू.' म्हणजे संरक्षणाचा कायदाच माणसाला संरक्षणाबाहेरच्या वाटेवर ढकलतो. त्यावर उपाय म्हणून मनिला विमानतळावर पर्यटकांची झाडाझडती. संशय आला की 'ऑफलोड', म्हणजे विमानात चढूच देत नाहीत. यूएईतला नातेवाईक बोलावत असेल तर कॉन्सुलेटमधून हमीपत्र. २०२३च्या ऑगस्टमध्ये या तपासणीचे आणखी कडक नियम जाहीर झाले, सामान्य पर्यटकांनीही आरडाओरडा केला, आणि लागू व्हायच्या आधीच ते स्थगित करावे लागले.

कोकणमेवा

राहण्याच्या जागेबद्दल कोणीच लिहिलं नाही, म्हणून.

'बेडस्पेस' म्हणजे खोलीतला एक पलंग. सतवा, करामा, देऱ्यात अल रिग्गा आणि मुरक्काबात, आणि अल बर्शा. दोनमजली पलंग. खालचा महाग, वरचा स्वस्त. साधारण ६०० ते १००० दिरहम, वीज-पाणी-वायफाय धरून. 'पार्टिशन' म्हणजे हॉलमध्ये जिप्समच्या भिंती घालून केलेली खुराडी, दीड हजारापासून पुढे. जोडपी तिथे राहतात.

दुबई महापालिकेचा नियम माणशी किमान पाच चौरस मीटरचा. परवानगीशिवाय पार्टिशन बेकायदाच. जून २०२५मध्ये रिग्गा, मुरक्काबात, बर्शा, सतवा आणि रफा या भागांत मोठी मोहीम झाली, भिंती पाडल्या. कारण खरं आहे, आगीत अशा खोल्यांतून बाहेर पडायला वाट नसते. स्वयंपाकघराच्या दारापर्यंत पलंग, खिडकी भिंतीमागे, एका सॉकेटवर चार चार्जर. पण पाडल्यावर लोक शारजाला गेले नाहीत, दुसऱ्या इमारतीत जास्त भाड्याने गेले.

पलंग घेताना बघायचं ते हे : भाडेकराराची नोंद म्हणजे इजारी कोणाच्या नावावर आहे, आणि तुमचं नाव सहरहिवासी म्हणून नोंदवणार का. २०२२पासून ती नोंद दुबई रेस्ट अ‍ॅपवर मूळ भाडेकरूने करायची असते. पलंगांचे पैसे गोळा करणारी व्यक्ती बहुधा स्वतःच पोटभाडेकरू असते. ती पळाली की अनामत गेली आणि घरमालक सगळ्यांना बाहेर काढतो. अनामतीची लेखी पावती मागा. व्हॉट्सअ‍ॅपवरचा 'रिसीव्ह्ड' हा एक शब्दसुद्धा काहीच नसण्यापेक्षा बरा.

अवांतर : 'तुयो' म्हणजे खारवून वाळवलेली मासळी. ती तव्यावर टाकली की मजल्यावरचे शाकाहारी शेजारी वॉचमनला फोन करतात. सुका बांगडा भाजणाऱ्या आपल्या मालवणी लोकांनी तरी त्यात सामील होऊ नये.

पार्सलबहाद्दर

खोक्याचं नाव शीर्षकात आहे आणि कोणी बोलेना. बालिकबायान खोका, म्हणजे घरच्यांसाठी वस्तू भरून फिलिपिन्सला पाठवायचा मोठा खोका! यावर लिहायला खूप आहे.

दर वजनावर नसतो, आकारावर असतो, शिवाय ठिकाणावर. मनिला स्वस्त, बाकी लुझॉन (उत्तरेकडचं बेट) त्याच्यावर, मग मधली विसायास बेटं, दक्षिणेचं मिंदानाव सगळ्यात महाग. समुद्रमार्गे जातो. मनिलाला महिना-दीड महिना, मिंदानावला त्याहून जास्त. नाताळाला घरी पोहोचायचा तर सप्टेंबर संपायच्या आत उचलला गेला पाहिजे.

वजनाचं बंधन नाही म्हणून लोक ठासून भरतात, आणि तिथेच बिघडतं. दुबईची दमट हवा आणि कंटेनरमधली उष्णता यांनी पुठ्ठा मऊ पडतो, वर दुसरी खोकी येतात, तळ फाटतो. दुहेरी थराचा खोका घ्यायचा. तळाला आतून-बाहेरून चिकटपट्टी, आडवी-उभी. जड डबे (कॉर्न्ड बीफ, दूध पावडर) खाली, सपाट थरात. शाम्पू-लोशनच्या बाटल्यांचं झाकण काढून तोंडावर प्लास्टिक ताणायचं, झाकण परत लावायचं, मग झिपच्या पिशवीत. साबण आणि चॉकलेट-कॉफी शेजारी ठेवायचं नाही, सगळ्याला साबणाचा वास लागतो. एप्रिल ते सप्टेंबर चॉकलेट पाठवूच नये, वितळून पुन्हा गोठतं आणि पांढरं पडतं. कोपऱ्यांत टॉवेल, मोजे, टी-शर्ट कोंबायचे, पोकळी ठेवायची नाही. नोटा, दागिने, लायटर, परफ्यूमचे स्प्रे, औषधांचा साठा नाही. बंद करण्याआधी प्रत्येक थराचा फोटो.

जकात : २०१६च्या कायद्याने परदेशी कामगाराला दीड लाख पेसोंपर्यंतचा माल जकातमुक्त, वर्षात तीनदा. अटी तीन. वस्तू घरच्या वापराच्या, व्यापारी संख्येत नाहीत, आणि सोबत यादी व पासपोर्टची प्रत. एकाच मापाचे वीस जोडे भरलेत तर तो व्यापारच समजतात.

खरा धोका जकातीचा नाही, कार्गोवाल्याचा. 'ऑफर, एकावर एक मोफत' म्हणणारा इथे पैसे घेतो, कंटेनर लावतो, पण तिकडच्या एजंटला जकात-वाहतुकीचे पैसे पाठवत नाही. मग कंटेनर मनिलाच्या बंदरात महिनोनमहिने पडून राहतो. आखातातून गेलेली अशी हजारो बेवारस खोकी शेवटी तिथल्या कस्टम्सलाच वाटावी लागली. उपाय सोपा आहे. दुबईतल्या कंपनीचं नाव विचारून थांबू नका, तिचा फिलिपिन्समधला एजंट कोण ते विचारा आणि तो त्यांच्या व्यापार खात्याच्या मान्यताप्राप्त यादीत आहे का बघा. पावतीवर त्या एजंटचं नाव लिहून घ्या. बाजारभावापेक्षा फारच स्वस्त दर असेल तर तिकडचा खर्च त्यात धरलेलाच नाही असं समजा.

हिशेबनीस

पैशाच्या आणखी दोन गोष्टी. 'पालुवागान' म्हणजे आपली भिशीच. दहा जण, महिना ५०० दिरहम, प्रत्येकाला एकदा पाच हजार. मोडते ती नेहमी एकाच कारणाने. पहिल्या-दुसऱ्या नंबरवाल्याची नोकरी जाते, व्हिसा रद्द होतो आणि तो देश सोडतो. म्हणून जाणते लोक व्हिसा संपायला सहा महिनेही नाहीत अशाला पहिले नंबर देत नाहीत. फेसबुकवर अनोळखी लोकांची, 'दुप्पट मिळेल' म्हणणारी भिशी ही भिशी नव्हेच.

'फाइव्ह-सिक्स' : पाच घ्या, सहा द्या, बहुधा महिन्याभरात. म्हणजे महिना २० टक्के. तारण म्हणून पासपोर्ट किंवा एटीएम कार्ड पिनसकट. यूएईत खासगी माणसाने व्याजाने पैसे देणं हा फौजदारी गुन्हा आहे, आणि पासपोर्ट गहाण ठेवणं फिलिपिन्सच्या कायद्यात. म्हणून दोन्ही बाजू तक्रार करत नाहीत आणि धंदा चालू राहतो. पासपोर्ट सावकाराकडे अडकला की माणूस नोकरीही बदलू शकत नाही.

प्रश्नकर्ती

आणि पगारच थकला, किंवा मालकाने मारहाण केली तर? तक्रार आधी कुठे?

अलकुसैस_एक्स्प्रेस

मारहाण असेल तर आधी पोलीस, मग एमडब्ल्यूओ. तिथे आश्रयाची सोय आहे. घरच्यांना मनिलाहून १३४८ या हेल्पलाइनवर कळवता येतं. घर सोडताना पासपोर्ट हाती नसला तरी अडून बसू नये, प्रवासाचा कागद कॉन्सुलेट देतं. पण आधीच फोनमध्ये पासपोर्ट, व्हिसा, करार, घराचा पत्ता यांचे फोटो हवेत. नवीन आलेल्या बाईला इमारतीचं नावसुद्धा माहीत नसतं, आणि मग तिथवर पोहोचायचं कसं हाच प्रश्न होतो.

पगाराची तक्रार मोहरेकडे, अ‍ॅपवर किंवा फोनवर. कंपनीच्या कामगाराचा पगार देय तारखेनंतर १५ दिवसांत डब्ल्यूपीएसमधून (बँकेतून पगार देण्याच्या सरकारी व्यवस्थेतून) आला नाही तर तो थकलेला धरतात. १४ दिवसांत तडजोडीचा प्रयत्न होतो. २०२४पासून ५० हजार दिरहमपर्यंतच्या दाव्यात मोहरे स्वतःच अंतिम निर्णय देऊ शकतं. मान्य नसेल तर कोर्टात १५ कामकाजी दिवसांत. एक लाखापर्यंतच्या दाव्याला कामगाराला कोर्ट फी नाही. मुदत आता दोन वर्षं आहे, पूर्वी एकच होती.

नोकरी संपल्यावर ग्रॅच्युइटी : पहिली पाच वर्षं वर्षाला २१ दिवसांचा मूळ पगार, पुढे ३० दिवसांचा, १४ दिवसांत हातात. गोम 'मूळ' या शब्दात. तीन हजार पगारात मूळ बाराशे आणि बाकी भत्ते असं दाखवलेलं असतं. हे आपल्या लोकांनाही तितकंच लागू.

सगळ्यात मोठी घोडचूक म्हणजे तक्रार न करता पळून जाणं आणि दुसरीकडे काम धरणं. मालक कामावरून बेपत्ता झाल्याची नोंद करतो, रहिवास जातो, मग दिवसाला ५० दिरहम दंड. २०१८ला आणि २०२४ला (सप्टेंबर ते डिसेंबर) माफी मिळाली होती, पण त्या भरवशावर कोणी राहू नये.

कोकणमेवा

कुवेतचं कोणी लिहिलं नाही. तिथे २०१८च्या फेब्रुवारीत एका घरकामगार बाईचा मृतदेह फ्रीजरमध्ये सापडल्यावर बंदी आली, मे महिन्यात करार होऊन उठली. करारात पासपोर्ट मालकाने ठेवायचा नाही, फोन जवळ ठेवू द्यायचा, १२० दिनार पगार. २०१९च्या डिसेंबरअखेर आणखी एक खून आणि २०२०च्या जानेवारीत पुन्हा बंदी. २०२३च्या खुनानंतर मनिलाने नवख्या घरकामगारांना पाठवणं थांबवलं, त्यावर मे महिन्यात कुवेतने फिलिपिनोंचे नवे व्हिसाच बंद केले. ते जून २०२४मध्ये सुटलं. बंदी हे मनिलाचं एकमेव जोरकस हत्यार आहे, पण ते चालवलं की मार बसतो तिकडे जायला निघालेल्या, कर्ज काढून बसलेल्या बाईलाच.

खाडीपल्याड

आपल्याशी तुलना करायची तर थोडक्यात. दहावी न झालेल्यांचा पासपोर्ट ईसीआर (परदेशी नोकरीला सरकारी मंजुरी लागणारा), १८ देशांसाठी ई-मायग्रेट या सरकारी संकेतस्थळावर मंजुरी, प्रवासी भारतीय बीमा योजनेत १० लाखांचा विमा (दोन वर्षांना २७५ रुपये, तीनला ३७५). एजंटचं शुल्क जास्तीत जास्त ३० हजार रुपये आणि जीएसटी. घरकामाला जाणाऱ्या ईसीआर बायकांना वय किमान ३० आणि ठरलेल्या सरकारी संस्थांमार्फतच. पण दहावी झालेला रत्नागिरीचा मुलगा व्हिजिटवर दुबईला गेला तर त्याची कुठेच नोंद नाही, आणि परतताना त्याला कोणी ओईसीही मागत नाही. सोय कोणाची जास्त आणि धोका कोणाचा जास्त, ज्याचं त्याने ठरवावं.

मतदानात मात्र ते पुढे आहेत. २००३च्या कायद्याने परदेशातून मत देता येतं, मे २०२५ला तर बहुतेक ठिकाणी ऑनलाइन दिलं. आपल्या अनिवासी मतदाराला अजून गावच्या केंद्रावर यावं लागतं.

पार्सलबहाद्दर

गोव्याच्या मंडळींसाठी : औद मेथाच्या सेंट मेरी चर्चमध्ये कोंकणी मिस्सा होते तशी तागालोग या त्यांच्या भाषेतलीही होते. डिसेंबरात त्यांची 'सिम्बांग गाबी', नाताळाआधीची नऊ दिवसांची मिस्सा. तिकडे पहाटे असते, इथे संध्याकाळी. त्या दिवसांत औद मेथाला गाडी नेऊ नका, मेट्रोने जा.

प्रश्नकर्ती

शेवटचा प्रश्न. आया सुट्टीला जाणार असेल तर मालक म्हणून आपण काय द्यायचं?

अलकुसैस_एक्स्प्रेस

तिकिटाची प्रत, तुमच्या एमिरेट्स आयडीची प्रत, रजेच्या तारखा लिहिलेलं सहीचं पत्र आणि चालू करार. ती तुमच्याकडेच परतणार असेल तर तिची ऑनलाइन सूट निघते का ते तिकीट काढण्याआधी तपासा. निघत नसेल तर अल कुसैसची वेळ घ्या. आणि सहा महिन्यांच्या आत परत यायला सांगा, त्यापलीकडे राहिली तर रहिवास रद्द होतो.